आडनाव आपल्याला दिलं कोणी? आजोबांच्या पेटीतला मोडी कागद आणि 'पारसनीस'

ओसरी | शनिवार, रात्री ९:४०

लेकीला सातवीत गृहपाठ आला: 'आमच्या आडनावाची गोष्ट' लिहून आणा. आमचं आडनाव पारसनीस. आजोबा सांगायचे, घराण्यातल्या कुणा मूळपुरुषाकडे परीस होता, त्यावरून पारस आणि पुढे पारसनीस. मी लहानपणापासून हेच सांगत आलो, लेकीलाही तेच सांगितलं. तिने परिसाचं छान चित्र काढून वही देऊनही टाकली.

मागच्या आठवड्यात गावच्या घराची कौलं उतरवली. माळ्यावर आजोबांची पत्र्याची पेटी निघाली. आत रुमालात बांधलेले कागद होते. बरेचसे कसरीने खाल्लेले, पण एक खरेदीखत जवळजवळ अख्खं आहे. शके १७७२, म्हणजे इ. स. १८५०. आमच्या गावात एक निवृत्त गुरुजी मोडी वाचतात, त्यांच्याकडे घेऊन गेलो. गुरुजी बोट ठेवत ठेवत वाचत होते. 'लिहून घेणार' इथपर्यंत आले, आमच्या पूर्वजाचं नाव वाचलं, मग थांबले. चष्मा पुसला, परत वाचलं आणि म्हणाले, "पारस नाही हो हे. फारस आहे. फारसनीस."

म्हणजे परीस नाही, फारसी! आमच्या घरात कोणी तरी फारसी लिहिणारा होता. मला काही क्षण बोलताच येईना. पावणेदोनशे वर्षांत घरातल्या एकालाही फारसीचं अक्षर येत नाही आणि आडनाव मात्र तेच सांगत बसलंय.

कागदाच्या तळाशी साक्षीदारांची नावं आहेत. ज्यांना लिहिता येत नव्हतं त्यांच्या नावापुढे निशाणी आहे. कुणाचा नांगर, एकाची कात्री, एका बाईची बांगडी. आणि गंमत बघा, त्यातल्या एकाही साक्षीदाराला आजच्यासारखं आडनाव नाही. नाव, बापाचं नाव आणि काम किंवा गाव, एवढंच.

तेव्हापासून डोक्यात एकच प्रश्न आहे. आडनाव रक्तातून येतं असं आपण धरून चालतो, पण ते कुणी तरी बाहेरून चिकटवलेलं असतं. कचेरीतल्या कारकुनाने, नव्या गावातल्या शेजाऱ्याने, शाळेच्या मास्तरांनी. तुमचं आडनाव तुम्हाला कोणी दिलं? जे माहीत असेल ते लिहा. कागद असेल तर कागदावरून लिहा, ऐकीव असेल तर ऐकीव म्हणून लिहा.

---

दौतटाक | शनिवार, रात्री १०:२५

ओसरीदादा, गुरुजींना माझा नमस्कार सांगा. अगदी बरोबर वाचलंय त्यांनी.

'नवीस' म्हणजे फारसीत लिहिणारा. जिभेवर घासून त्याचं 'नीस' झालं. चिठ्ठ्या लिहिणारा तो चिटणीस, जमेचा हिशेब ठेवणारा जमेनीस, पागेचा हिशेब ठेवणारा पागनीस, खजिन्याचा म्हणजे पोत्याचा हिशेब ठेवणारा पोतनीस. पेशवाईत दिल्ली, हैदराबाद, लखनौ या दरबारांशी पत्रव्यवहार फारसीतच चाले. ती पत्रं वाचणारा आणि उत्तरं लिहिणारा तो पारसनीस. दरबाराचा सगळा आतला कारभार त्याच्या हातून जायचा, तेव्हा परिसाच्या गोष्टीपेक्षा ही खरी गोष्ट काही कमी नाही.

आणखी एक सांगतो. मूळ प्रांताचं नाव पार्स. अरबी भाषेत 'प' नाही म्हणून त्याचं फार्स आणि फारसी झालं. मराठीने फारसनीसाचा पारसनीस केला तेव्हा नकळत तो मूळ 'प' परत आणला. मुंबईच्या पारशांचं नाव आणि तुमचं आडनाव, दोन्ही त्या एकाच पार्समधून आलीत.

शिवाजीमहाराजांच्या गडांवर हवालदार, सरनोबत, सबनीस आणि कारखानीस असे अधिकारी असत. सबनिसाकडे हजेरी आणि हिशेब, कारखानिसाकडे धान्य, दारूगोळा, सगळं कोठार. चारही शब्द आज आडनावं आहेत. कोल्हापूरची नेमबाज राही सरनोबत आठवा. सरनोबत म्हणजे सेनेचा प्रमुख, आणि तिच्या हातात पिस्तूल आहे!

महाराजांनी राज्याभिषेकाच्या सुमारास कारभारातले फारसी शब्द काढून संस्कृत आणले. रघुनाथपंत हणमंत्यांच्या देखरेखीखाली राज्यव्यवहारकोश झाला तो यासाठीच. मुजुमदाराचा अमात्य झाला, सुरनिसाचा सचिव, डबिराचा सुमंत, वाकनिसाचा मंत्री. कागदावरचे हुद्दे बदलले, पण लोकांच्या तोंडातली आडनावं बदलली नाहीत. मुजुमदार, सुरनीस, डबीर, वाकनीस आजही घरोघरी आहेत. छत्रपतींचा हुकूमसुद्धा आडनावापर्यंत पोचला नाही, मग बाकीच्यांचं काय!

आणि हुद्दा चिकटला की जुनं आडनाव गळून पडायचं. महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी मूळचे चित्रे. नाना फडणीस मूळचे भानू, कोकणातल्या वेळासचे. भानू म्हणून त्यांना आज कोण ओळखतं?

---

पाटीपेन्सिल | शनिवार, रात्री ११:०२

फडणीस म्हणजे 'फडावरचा' नीस ना? फड म्हणजे कचेरी असं आमच्या सरांनी सांगितलं होतं.

---

दौतटाक | शनिवार, रात्री ११:१०

फडाचा अर्थ कचेरी आहे खरा, त्यामुळे तसं वाटणं साहजिक आहे. पण तो शब्द फर्दनवीस असा आहे. फर्द म्हणजे हिशेबाची यादी, सुटा कागद. 'र्द'चा 'ड' झाला, आणि फड शब्द आधीच मराठीत रुळलेला असल्याने कुणाला खटकलं नाही. पारस आणि परिसाचं झालं तेच. ओळखीचा शब्द जवळ असला की कान तिकडे वळतो.

---

सागरगोटा | रविवार, सकाळी ८:१५

आम्ही वेंगुर्लेकर. माहेर वेंगुर्ल्याजवळचं. आता पुण्यात.

लहानपणी सुट्टीत गावी गेले की मला एक कोडं पडायचं. वेंगुर्ल्यात वेंगुर्लेकर फारसे नाहीतच. पुण्यात, मुंबईत, बेळगावात आहेत. एकदा आजीला विचारलं. ती माडाच्या झावळ्या विणत होती, मान वर न करता म्हणाली, "गावात रवतल्याक गावाचा नाव कशाक होया?" गावात राहणाऱ्याला गावाचं नाव कशाला हवं!

इतकं सोपं आहे ते. चिपळुणात सगळेच चिपळूणचे, तिथे 'चिपळूणकर' म्हणून कुणाला हाक मारणार? तो माणूस घाट चढून वर आला, नव्या गावात राहिला, आणि तिथल्या लोकांनी विचारलं 'हा कुठला?', तेव्हा तो चिपळूणकर झाला. म्हणून 'कर' असलेलं प्रत्येक आडनाव म्हणजे कुणी तरी गाव सोडल्याची खूण आहे असं मी मानते. पोटासाठी, दुष्काळात, भांडून, नोकरीला, कशासाठी का असेना, पण सोडलं.

राजेरजवाड्यांचंही तेच. मल्हारराव होळकर नीरेकाठच्या होळ गावचे. फलटणचे निंबाळकर मूळचे पवार, निंबळक गावावरून निंबाळकर झाले. जतचे डफळे मूळचे चव्हाण, डफळापूरवरून डफळे. मास्टर दीनानाथांनी तर गोव्यातल्या मंगेशीवरून मंगेशकर हे आडनाव स्वतः निवडून घेतलं. आपल्या देवाचं गाव नावात आयुष्यभर बाळगायचं ठरवलं, हे मला फार मोठं वाटतं.

'कर' लावताना गावाचं रूप बदलतं तेही बघण्यासारखं आहे. गोव्याचा गोवेकर, साताऱ्याचा सातारकर, निंबळकातला एक 'क' तर 'कर'मध्येच विरघळला. देशावर दक्षिणेकडे 'कर'ऐवजी नुसता एकार लावतात: कोल्हापुरे, सोलापुरे.

एक सावधगिरीची गोष्ट. वडगाव, खेड, पिंपळगाव ही नावं महाराष्ट्रात ढिगाने आहेत. दोन खेडकर भेटले म्हणून ते एका खेडचे असतीलच असं नाही. आणि दिनकर, प्रभाकर, भास्कर ही आडनावं म्हणून दिसली तर त्यात गाव शोधू नका. तिथे आजोबा-पणजोबांचं नाव आडनाव झालेलं असतं.

---

अष्टागर | रविवार, सकाळी १०:३०

सागरगोटाताई, तुमच्या आजीचं वाक्य मी लिहून ठेवलं.

मी अलिबागचा. आमच्याकडे इस्रायल आळी आहे, तिथे प्रार्थनास्थळ आहे. लहानपणी माझ्या वर्गात त्या समाजाचा एक मुलगा होता. चौथीत तो कुटुंबासह इस्रायलला गेला. जाताना त्याने मला गोट्यांची पिशवी दिली होती, आडनाव होतं किहीमकर. माझ्या घरापासून किहीम सायकलवर जाता येतं.

बेने इस्रायली, म्हणजे आमच्या कोकणातले यहुदी लोक, कित्येक शतकांपूर्वी नवगावच्या किनाऱ्याला लागले असं ते सांगतात. तेलाचा धंदा आणि शनिवारी काम बंद, म्हणून आसपासचे त्यांना शनिवार तेली म्हणत. त्यांनी आडनावं घेतली ती या मातीतल्या गावांची: पेणकर, नागावकर, झिराडकर, रोहेकर, अष्टमकर. अष्टमी म्हणजे कुंडलिकेच्या पलीकडचं, रोह्याच्या समोरचं गाव.

आणि नुसती आडनावं नाहीत, पहिली नावंसुद्धा मराठी वळणाने फिरली. सॅम्युएलचा सामाजी, अब्राहमचा अबाजी, इझिकेलचा हसाजी. शिवाजी, संभाजी, तानाजी यांच्या पंगतीत सहज बसतील अशी! मुंबईतलं पहिलं यहुदी प्रार्थनास्थळ १७९६ साली बांधलं गेलं. बांधणारे सॅम्युएल इझिकेल दिवेकर, कंपनीच्या फौजेत अधिकारी. त्यांचं घरगुती नाव सामाजी हसाजी दिवेकर. मुंबईतली सॅम्युएल स्ट्रीट त्यांच्याच नावाची.

आज इस्रायलमधल्या गावांत दारावर हिब्रू अक्षरांत 'पेणकर' लिहिलेलं असतं. पेण सोडून समुद्रापलीकडे गेलेल्यालाही पेणचंच नाव. किहीम सोडून गेलेला माझा मित्रही असाच कुठे तरी किहीमकर असेल. मी अजून त्याची वाट पाहतो.

---

मिरजोळीची वाट | रविवार, दुपारी १२:०५

कोकणी मुसलमानांत देशमुख, मुकादम, नाईक, इनामदार अशी आडनावं सर्रास आहेत. हमीद दलवाई आमच्या चिपळूणजवळच्या मिरजोळीचे. दलवाई आणि दळवी हे एकाच शब्दाचे दोन फाटे, दळाचा म्हणजे सैन्याचा प्रमुख. कानडीत दळवायी म्हणतात. आडनाव ऐकून धर्म ओळखला असं वाटतं तेव्हा आमच्याकडे येऊन बघा.

---

धानपट्टा | रविवार, दुपारी २:५०

चंद्रपूरहून लिहितोय. पुण्यामुंबईच्या गप्पांत आमचे 'वार' नेहमीच राहून जातात.

मुनगंटीवार, वडेट्टीवार, उत्तरवार ही आडनावं तुम्ही बातम्यांत ऐकता. चंद्रपूर, गडचिरोली, यवतमाळ, नांदेड या पट्ट्यात ती घरोघरी आहेत. हा 'वार' सोमवारातला नाही आणि घाव घालण्यातलाही नाही. तेलुगूतला 'वारु' आहे तो, 'अमक्या घरचे लोक' असं आदराने म्हणायची रीत. तेलुगूत आडनावाला इंटिपेरु म्हणतात, म्हणजे घराचं नाव. ते आधी येतं आणि माणसाचं नाव मागून. इकडे आल्यावर घराचं नाव मराठी पद्धतीने शेवटी गेलं आणि त्याला 'वार' चिकटून राहिलं.

माझ्या आजीला तेलुगूत ओव्या येत होत्या. आईला कळायचं पण बोलता येत नव्हतं. मला फक्त आडनाव येतं.

---

नीरेकाठ | रविवार, सायंकाळी ६:२०

आम्ही मोरे. घरात ठाम सांगतात की आपण मौर्य, चंद्रगुप्ताच्या वंशातले. जावळीच्या चंद्ररावाचं नावही त्यावरूनच असं चुलते म्हणतात. ओसरीदादांच्या परिसासारखंच हेही निघायचं का? खरं काय ते सांगा, वाईट वाटणार नाही.

---

शब्दवेल | रविवार, रात्री ८:४५

मी मराठी शिकवते, म्हणून आधी ध्वनींचं सांगते. त्यात तुमच्या चुलत्यांची बाजू भक्कम आहे.

संस्कृतातला शब्दारंभीचा 'य' मराठीत 'ज' होतो. यात्रेची जत्रा झाली, तसा यादवाचा जाधव. दोन स्वरांमधला 'म' मराठीत 'व' होतो. ग्रामाचं गाव, नामाचं नाव, तसा परमाराचा पवार आणि चाहमानाचा चव्हाण. शिलाहारातला 'ह' गळून शेलार. कदंबाचा कदम. चालुक्याचं साळुंखे. मौर्याचं मोरे. आपण ज्या शब्दाबद्दल बोलतोय तो 'नाव' शब्दच या नियमाने तयार झालाय, हे मुलांना सांगितलं की त्यांचे डोळे चमकतात.

पण नीरेकाठ, ध्वनी जुळला म्हणजे रक्त जुळलं असं होत नाही. राजाच्या पदरी असलेले, त्याच्या मुलखात राहणारे, त्याच्या झेंड्याखाली लढलेले लोकही त्याचं नाव लावत. कदंबांच्या राज्यात राहिलेला प्रत्येक जण कदंबांचा वंशज नव्हता. शिवाय मोऱ्यांचं देवक मोराचं पीस आहे. लग्नात ते पुजता ना? मग नाव मौर्यांकडून आलं की मोराकडून, हे ध्वनीवरून ठरवता येत नाही. दोन्हींकडून 'मोरे' हेच रूप होतं.

चंद्ररावाचं मात्र चुलत्यांना नीट सांगा. चंद्रराव हा विजापूरकरांनी जावळीच्या मोऱ्यांना दिलेला किताब आहे. गादीवर जो बसेल तो चंद्रराव. चंद्रगुप्ताशी त्याचा संबंध नाही.

आणि वंशच मोजायचा तर तुकोबांचं घराणंही मोरे, हे विसरू नका. मला तरी चंद्रगुप्तापेक्षा ते नातं जास्त जवळचं वाटेल.

---

नीरेकाठ | रविवार, रात्री ९:१०

देवकाचं डोक्यातच आलं नव्हतं. माझ्या लग्नात मीच ते पीस धरलं होतं. चुलत्यांना फोन करतो.

---

वेशीबाहेरचा | सोमवार, सकाळी ७:३०

सगळं वाचलं, मन भरून आलं. पण आमच्याकडची बाजू राहिलीय ती लिहितो.

कोरेगाव भीमाच्या स्तंभावर १ जानेवारी १८१८ च्या लढाईत पडलेल्यांची नावं कोरलेली आहेत. जवळ जाऊन वाचा. सोमनाक, रायनाक, गणनाक, बाळनाक. माणसाचं नाव नाकान्त आणि बापाचंही नाकान्त. आडनावाची जागाच नाही. महार असल्याची खूण नावातच शिवून टाकलेली. काही जण म्हणतात हा 'नाग' आहे, काही म्हणतात 'नायक'. मला त्या दगडासमोर उभं राहिल्यावर एवढंच वाटलं की माझ्या खापरपणजोबांना हाक मारली की सगळ्या गावाला त्यांची जात कळत होती.

पुढे शाळा आली, पलटणीतलं रजिस्टर आलं, गिरणीतलं हजेरीपुस्तक आलं. तिथे 'नाक' गळलं आणि आडनाव लागलं. बाबासाहेबांच्या घराण्याचं आडनाव सकपाळ, गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेत त्यांचं नाव दाखल झालं ते 'भिवा रामजी आंबेडकर' असं. तो दिवस आता राज्यात विद्यार्थी दिवस म्हणून पाळतात. सागरगोटाताईंनी म्हटलं, 'कर' म्हणजे गाव सोडल्याची खूण. आमच्यासाठी गाव सोडणं म्हणजे वेशीबाहेरचं घर सोडणं होतं. त्या 'कर'चा आम्हाला केवढा आधार झाला असेल, विचार करा.

माझ्या वडिलांनीही गावावरून आडनाव घेतलं. भाड्याची खोली बघायला गेलं की घरमालक विचारायचा, "पूर्ण नाव?" वडील सांगायचे. मग दुसरा प्रश्न यायचा, "म्हणजे कोणते?" खोली मिळायची नाही. हे आम्ही तीन ठिकाणी सोसलं. मी दाराआड उभा राहून ऐकलंय.

म्हणून या धाग्यावर विनंती आहे. आडनावाचा अर्थ जरूर शोधा, तो आपला इतिहास आहे. पण समोरच्याचं आडनाव ऐकून 'म्हणजे कोणते?' हे विचारू नका. दिलेलं नाव आणि घेतलेलं नाव यात फरक आहे. आमचं घेतलेलं आहे, आणि मला त्याचा अभिमान आहे.

---

ओसरी | सोमवार, सकाळी ८:०५

वेशीबाहेरचा दादा, 'दिलं कोणी' हा माझा प्रश्नच अपुरा होता. घेतलेलं आडनाव माझ्या लक्षातच आलं नाही. मनापासून आभार.

---

गावठाण | सोमवार, सकाळी ११:४०

फुल्यांचंही असंच घेतलेलं म्हणा. मूळ आडनाव गोऱ्हे, गाव खटाव तालुक्यातलं कटगुण. पुण्यात फुलांचा धंदा केला आणि फुले झाले. जोतिबाच्या यात्रेच्या दिवशी जन्म म्हणून जोतीराव. नाव देवाचं, आडनाव धंद्याचं.

आम्ही पाटील. जळगावकडे अख्खं गाव पाटील असतं, तिथे आडनावाने हाक मारून उपयोगच नाही. कुलकर्णी वतनं १९५० च्या कायद्याने गेली, मुलकी पाटलांचं पद १९६२ च्या कायद्याने. चावडीची किल्ली माझ्या आजोबांकडून तलाठ्याकडे गेली तो दिवस वडिलांना आठवतो. आजोबा दोन दिवस जेवले नव्हते म्हणतात. काम गेलं, नाव राहिलं.

---

शेवंती | सोमवार, दुपारी ३:१५

इतक्या वेळात पुरुषांच्या घराण्यांचंच चाललंय. बायकांच्या नावांचं कुणी तरी लिहायला हवं, म्हणून लिहिते.

आमच्यात लग्नानंतर ताटात तांदूळ पसरतात आणि नवरा अंगठीने त्यात बायकोचं नवं नाव लिहितो. सगळे वाकून बघतात, पेढे वाटतात, आणि मग कुणी तरी तांदूळ सारखे करतं. माझ्या आजीचं ते झालं तेव्हा ती चौदा वर्षांची होती. माहेरचं नाव पुसलं, बापाचं नाव पुसलं, आडनाव पुसलं. त्यानंतर अडुसष्ट वर्षं तिला माहेरच्या नावाने हाक मारणारा एकच माणूस होता, तिचा धाकटा भाऊ. तो भाऊबीजेला यायचा आणि दारातूनच 'शेवंते!' अशी हाक द्यायचा. आजी हातातलं काम टाकून धावायची. तो गेल्यावर ते नाव घरात कुणी उच्चारलं नाही. मी इथे तेच नाव घेतलंय.

आजोबांच्या निवृत्तिवेतनासाठी कचेरीत गेलो तर आजीच्या शाळेच्या दाखल्यावर एक नाव, शिधापत्रिकेवर दुसरं आणि मतदारयादीत 'माई'. साहेब म्हणाले, "ह्या तिघी एकच आहेत कशावरून?" आठ महिने फेऱ्या घातल्या. आजी बाकावर बसून असायची, पदराने डोळे टिपायची आणि म्हणायची, "मीच ती तिन्ही. कसं सांगू यांना?"

लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असा कोणताही कायदा नाही. मी बदललं नाही. बदलायचंच असेल तर शासन राजपत्रात जाहिरात द्या, जुनं नाव, नवं नाव आणि कारण नीट नोंदवा, आणि ते पान जपून ठेवा. आणि १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात राज्य सरकारने आईचं नाव लावायला सांगितलंय: मुलाचं नाव, आईचं नाव, मग वडिलांचं, मग आडनाव. माझ्या भाचीच्या जन्मदाखल्यावर तसं आहे. मी तो दाखला हातात घेऊन बराच वेळ बसले होते.

---

माळरान | सोमवार, सायंकाळी ७:००

शेवंतीताई, तुमच्या आजीचं वाचून माझ्या मावशीची आठवण झाली. तिचं नाव नकुसा. चौथी मुलगी, नकोशी झालेली.

दगडू, धोंडू, केरू, भिकू ही नावं वाचून शहरातली मुलं फिदीफिदी हसतात. त्यांना सांगावंसं वाटतं, ही नावं प्रेमाने ठेवलेली आहेत. आधीची दोन-तीन लेकरं गेलेली असायची. आता हे तरी जगावं, सटवाईची, कुणा वाईटाची नजर पडू नये, म्हणून आई त्याला दगड म्हणायची, केर म्हणायची. उकिरड्यावर ठेवून परत उचलून आणायची. 'हे माझं नाही, मी भीक मागून आणलंय' म्हणून भिकू. मुलाचं नाक टोचून त्याला मुलगी म्हणून वाढवायचं, तो नथू.

नकुसा मात्र तशी नाही. तिथे आईबापांनी खरंच नको म्हटलेलं असतं. २०११ च्या ऑक्टोबरात सातारा जिल्ह्यात अशा २८० हून जास्त मुलींची नावं समारंभ करून बदलली, त्यांनी स्वतः निवडलेली नावं त्यांना दिली. मावशी तेव्हा साठीची होती, ती काही त्या यादीत नव्हती. मी बातमी वाचून दाखवली तर म्हणाली, "मला कुणी विचारलं असतं तर मी राधा घेतलं असतं." त्या दिवसापासून मी तिला राधामावशी म्हणतो.

---

ओसरी | मंगळवार, रात्री १०:१०

काल रात्री लेकीला हा सगळा धागा वाचून दाखवला. शेवंतीताई आणि राधामावशीपाशी ती गप्प झाली. मग म्हणाली, "बाबा, त्या कागदावर बांगडीची निशाणी असलेल्या बाईचं नाव काय आहे?"

मी तोवर बघितलंच नव्हतं. आमचंच आडनाव शोधत होतो ना! आज परत गुरुजींकडे गेलो. कागद खिडकीशी धरून त्यांनी भिंगाने वाचलं. कसर लागलेली जागा आहे, पहिलं अक्षर अर्धं गेलंय. पण गुरुजींना खात्री आहे: 'सगुणा, भ्रतार मयत, निशाणी बांगडी'. म्हणजे नवरा वारलेला. तिचंच शेत आमच्या पूर्वजाने विकत घेतलंय. मी तिला साक्षीदारांतली धरून चाललो होतो, पण लिहून देणारी तीच होती. आम्ही आजवर त्या तुकड्याला 'सगुणीचं' म्हणत आलो, तिथे आमच्या विहिरीवर अजून भात होतो, आणि ही सगुणी कोण हे घरात कुणीच विचारलं नव्हतं.

लेकीने वही परत मागून घेतलीय. परिसाचं चित्र तिने तसंच ठेवलं, पण खाली लिहिलंय, 'ही गोष्ट आजोबांनी सांगितली.' पुढच्या पानावर फारसनीस आणि त्याच्या शेजारी बांगडी काढलीय.

सगुणेच्या माहेरचं किंवा सासरचं काही कळतंय का, हे जुन्या फेरफार नोंदींत शोधायला उद्या तहसिलात जातोय. मोडी वाचणारं कुणी भोर-वेल्ह्याकडे असेल तर कळवा, पेटीत अजून सात कागद आहेत.